यमाई चंडीगडला आली तेव्हा

आमच्या घरात देवीला बंदी होती. पूजेतल्या देवीला नव्हे. तिला रोज हळदकुंकू आणि दूधसाखरेचा नैवेद्य मिळत असे. बंदी होती ती अंगात येणाऱ्या देवीला. माझ्या आईच्या अंगात यमाई यायची. साताऱ्याकडच्या आमच्या गावात कुणाला त्याचं विशेष वाटत नसे. पौर्णिमेला देवळात संबळ वाजू लागला की आईच्या मानेला आधी एक बारीकसा हिसका बसे, मग केस सुटत, आणि मग जी बोलायची ती आई नसायची. बायका तिच्या पाया पडत, लेकीच्या लग्नाचं विचारत, आटलेल्या म्हशीचं विचारत. देवी उतरली की आई केस बांधून, तोंडावर पाणी मारून, मला हाताला धरून घरी येई आणि चुलीवर आमटीचं भांडं ठेवी. अण्णांची, म्हणजे माझ्या वडिलांची, चंडीगडला बदली झाली तेव्हा आगगाडीतच त्यांनी तिला सांगून टाकलं, "तिथं सरकारी क्वार्टर आहे. शेजार शिकलेला आहे. ते घुमणंबिमणं गावाकडं राहिलं, काय?"

"मी कुठं बोलावते?" आई खिडकीबाहेर बघत म्हणाली. "ती येते."

"मग तिला पत्ता देऊ नकोस."

वरच्या बाकावरून वसंता, माझा मोठा भाऊ, डोकं खाली काढून म्हणाला, "अण्णा, शहराचं नावच चंडीवरून आहे. पत्ता तिला आधीपासून ठाऊक असणार." अण्णांना हसू आलं, पण ते त्यांनी वर्तमानपत्रामागे उरकलं.

इरा, तू मागच्या रविवारी विचारलंस, आजी, तू कधी शमन पाहिला आहेस का. तुझ्या कॉलेजात सध्या तोच विषय चालू आहे म्हणालीस. सैबेरियातला ढोल वाजवत दुसऱ्या जगात जाणारा शमन, कोरियात रंगीत झगे घालून नाचणाऱ्या बायका. इथे पंचकुल्यात माझा टॅब साखरेच्या डब्याला टेकवलेला होता आणि तुमच्याकडे खिडकीबाहेर बर्फ पडत होता. मी म्हटलं, नाही बाई, शमन काही पाहिला नाही. निहार मागून म्हणाला, "आजी इज टू सेन्सिबल." फोन ठेवला आणि दिवसभर ते उत्तर मला टोचत राहिलं. मी इंग्रजीत शिकले, जन्मभर इंग्रजी शिकवलं. म्हणून हे तुम्हा दोघा भावंडांसाठी इंग्रजीतच लिहावं म्हणून बसले होते. तिसऱ्या ओळीला अडले, कारण तिथे मला आईला 'पझेस्ड' म्हणावं लागत होतं आणि तो शब्द ऐकला की माझ्या डोळ्यांपुढे कुलूप लावलेली खोली येते. तेव्हा मराठीतच लिहिते आहे. तुमचे बाबा वाचून दाखवतील. त्यांनाही हे ठाऊक नाही.

आमचं क्वार्टर सेक्टर बावीसमध्ये होतं. लाल विटांचं, पुढे जाळीची भिंत, मागे अंगण, अंगणात तुतीचं झाड. गावाला जसा जुना वड असतो, वेशीवरचा मारुती असतो, तसं तिथे काहीच नव्हतं. सगळं एका वयाचं होतं. देवसुद्धा आमच्यासारखे बदलीवर आल्यासारखे वाटायचे. कुणाच्या कपाटात, कुणाच्या स्वयंपाकघरातल्या फळीवर. सकाळी दूधवाल्याची सायकल, मग मागच्या गल्लीत कुणीतरी थापीनं कपडे धोपटत असे, मग अण्णांच्या बुटांना पॉलिश करणाऱ्या ब्रशचा आवाज. संध्याकाळी कोपऱ्यावरचा तंदूर पेटला की घरोघरच्या बाया भिजवलेली कणीक परातीत घेऊन जात. आईला ते फार आवडलं. ज्वारी मिळत नव्हती म्हणून ती मक्याच्या पिठाच्या भाकऱ्या थापायला शिकली, आणि तंदूरपाशी बसून त्यांच्या भाषेत बोलायलाही. तिचं पंजाबी तिच्या मराठीवर बेतलेलं होतं, पण ते तिथे सगळ्यांना कळायचं.

तंदूरपाशीच तिला बीजी भेटल्या. फाळणीत लायलपूरकडून आलेल्या, थोराड अंगाच्या, मोठ्या आवाजाच्या. आमच्या मागच्याच गल्लीत त्यांचं घर. सगळं सेक्टर त्यांना बीजी म्हणत असे. त्या आईला 'मराठण' म्हणायच्या. "ओ मराठण, तेरी दाल विच गुड़ कौन पाउंदा है? दाल है कि खीर?" आणि तीच डाळ वाटीभर मागून न्यायच्या.

आमच्या तिथल्या दुसऱ्या पावसाळ्याच्या शेवटी वसंता गेला. ताप होता, साधा वाटला, साधा नव्हता. तो तेव्हा कॉलेजच्या पहिल्या वर्षाला होता आणि मी शाळेत. दवाखान्याचं मला फार आठवत नाही. फिनेलचा वास, आणि आईनं मांडीवर धरलेला डबा, जो कुणीच उघडला नाही, एवढंच. स्मशानातून आल्यावर अण्णांनी आंघोळ केली, धुतलेला सदरा घातला, आणि आम्हा दोघींना समोर बसवून म्हणाले, "जे झालं ते झालं. या घरात आता त्याविषयी बोलणं नको. बोलून माणूस परत येत नाही." हे त्यांनी रागानं सांगितलं नाही. कार्यालयात सूचना देतात तसं सांगितलं. त्यांनी वसंताची खाट मागच्या अंगणात नेऊन उभी केली, कपडे एका सैनिक कुटुंबाला दिले. त्या दिवसापासून त्याचं नाव घरात निघालं नाही. अडलंच कधी, तर आम्ही 'तेव्हा' म्हणत असू. "ती चादर तेव्हा कुठे ठेवली?" इतकंच.

लोक समजतात की अशा घरात रडारड असते, स्वयंपाक बिघडतो. आमच्याकडे काहीही बिघडलं नाही. आई पहाटे उठायची, पाणी तापवायची, पोळ्या मऊसूत व्हायच्या. आमटीला चव असायची, आणि तीच मला चमत्कारिक वाटायची. मी शाळेत जात होते, कविता पाठ करत होते, परीक्षेत दुसरी आले. मला वाईट वाटत नव्हतं. काहीच वाटत नव्हतं. पाय आखडून बसल्यावर तो आपला वाटेनासा होतो ना, आपण त्याला हात लावला तर दुसऱ्याच्या पायाला लावल्यासारखं वाटतं, तसं होतं सगळं. आई तर माझ्याही पलीकडे होती. तिला हाक मारली तर 'ओ' यायला उशीर व्हायचा. खूप आतल्या खोलीतून कुणी चालत आल्यासारखा. ती रडली नव्हती. एकदाही नाही. बीजी आल्या की तिच्या गळ्यात पडून स्वतःच रडायच्या, त्यांच्या पद्धतीनं, ऊर बडवत, आणि आई त्यांच्या पाठीवरून हात फिरवायची. त्या जाताना माझ्या कानात म्हणायच्या, "पुत्त, एहनू रुवाओ. नहीं तो यह बैठे-बैठे चली जाएगी." हिला रडवा, नाहीतर ही बसल्या बसल्या जाईल. हे मला खरं वाटत होतं. घरात दुसरं माणूस असं हळूहळू जाताना दिसत होतं, आणि मला त्याचंही काही वाटत नव्हतं.

नवरात्र आलं. घरात मयत झालेली, म्हणून त्या वर्षी आमच्याकडे घट बसला नाही. अष्टमीला सकाळीच बीजी दारात. "तेरे घर माता नहीं बैठी, ते मेरे घर चल. दुपहर को चौकी है. कुड़ी को भी ला, कंजकां बिठानी हैं." अष्टमीला ते लोक मुलींना देवी मानून जेवू घालतात, माझं वय त्यासाठी जरा जास्तच होतं, पण बीजींना असले हिशेब मान्य नसत. अण्णा सुट्टी असल्यामुळे घरीच होते. ते म्हणाले, "जा. बाहेर पडशील तर बरं." चौकी म्हणजे भजनाची बैठक अशी त्यांची समजूत होती, आणि ती अर्धी खरीही होती.

बीजींच्या बैठकीत पाटावर लाल कापड, तुपाची जोत, हलवा-पुरी आणि काळ्या चण्यांचा वास. बायका दाटीवाटीनं बसलेल्या. एक ढोलकीवर, एक चिमटा वाजवत. देवीची गाणी एकामागून एक, प्रत्येक गाण्यानंतर जयजयकार. आई भिंतीला टेकून बसली होती, हात मांडीवर, पाहुणीसारखी. काही वेळानं ढोलकी घाईवर आली आणि पुढच्या रांगेतल्या एका बाईची मान हलू लागली. ओढणी गळाली, केस सुटले. "माता खेल रही है," बायका पुटपुटल्या. मी बघत राहिले. गाणं वेगळं, वाद्य वेगळं, सलवार-कमीज घातलेली पंजाबी बाई, पण मानेला बसलेला तो पहिला हिसका मी ओळखला. तो अगदी तोच होता.

पुढे पुष्कळ वर्षांनी तुमच्या आजोबांबरोबर मी कुलूकडे एका देवाच्या मेळ्यात उभी होते. तिथे देवाच्या वतीनं बोलणाऱ्या माणसाला गूर म्हणतात. वाजंत्री चढली, त्याची टोपी पडली, लांब केस सुटले, आणि मानेला तोच हिसका. इरा, तुझ्या सैबेरियातल्या ढोलाचं मला काही ठाऊक नाही. पण माणसाच्या मानेत ही एक जागा आहे, आणि ती फक्त आमच्या गावात नव्हती, एवढं मी पाहिलेलं आहे.

मी त्या बाईकडे बघत होते म्हणून आईकडे लक्ष गेलं ते उशिरा. तिचे केस सुटलेले होते. ती जागच्या जागी घुमत होती, आणि तोंडातून तो लांब हुंकार येत होता, जो मी चंडीगडला आल्यापासून ऐकला नव्हता. बायका आनंदल्या. "मराठण नू वी माता आ गई!" कुणी तिच्या पायाला हात लावला, कुणी चुनरी पांघरली. गाणी संपली, आरती झाली. पहिल्या बाईला पाणी दिलं, जोतीवर धरलेला हात डोळ्यांवरून फिरवला, ती शांत झाली. आईलाही तसंच केलं. आई शांत झाली नाही. पाणी दिलं, ते सांडलं. जयजयकार केला, तिचा वेग वाढला. प्रसाद वाटून झाला, बायका एकमेकींकडे बघू लागल्या. आईचे ओठ पांढरे पडले होते आणि डोकं भिंतीच्या फार जवळून जात होतं. बीजी उशी घेऊन मध्ये बसल्या.

"तुम्हारे यहाँ क्या करते हैं?" त्यांनी मला विचारलं. "कैसे जाती है तुम्हारी माता?"

मला ठाऊक होतं. आमची देवी आपणहून जात नाही. ती आली की तिला कुणीतरी विचारावं लागतं: तू कोण, कुठली, कशासाठी आलीस. ती काय ते मागते, आपण कबूल करतो, मग ती जाते. न विचारता ठेवली तर बसून राहते. हे मी बीजींना हिंदीत सांगितलं, एखाद्या प्रश्नाचं उत्तर द्यावं तसं, नीट.

"ते पूछ फेर!"

मी पुढे सरकले, हात जोडले. "आई, तू कोण?" ती माझ्याकडे बघत होती, पण मला नव्हे. मग ती बोलली. आवाज जाड, गावाकडचा.

"पोरीला न्हाई सांगायची. सदाशिवाला बोलव."

माझे कान तापले. सदाशिव हे अण्णांचं नाव. आईच्या तोंडून ते मी जन्मात ऐकलं नव्हतं. आमच्या पिढीच्या आयांनी नवऱ्याचं नाव घ्यायचं ते लग्नातल्या उखाण्यात. पुढे जन्मभर 'अहो' आणि 'हे'. रेशन दुकानात नाव विचारलं तर आई मला पुढे करायची.

"सदाशिव कौन?" बीजींनी विचारलं.

"पिताजी."

"हाय! माता बाबूजी को नाम लेके बुला रही है?" बीजींनी माझ्या पाठीत थाप मारली. "ते भज्ज के जा!"

मी धावले नाही, चालत गेले. अण्णा व्हरांड्यात खुर्चीवर बसून फाउंटन पेन धूत होते. मी म्हटलं, "अण्णा, बीजींकडे चला. आईच्या अंगात आलंय."

त्यांचा चेहरा आवळला. "मी डॉक्टरांना बोलावतो."

"उतरत नाही. ती तुम्हाला बोलावते आहे."

"कोण, तुझी आई?"

"नाही. नावानं बोलावते आहे. सदाशिवाला बोलव म्हणाली."

त्यांनी पेन टेबलावर ठेवलं. मला वाटलं, आता रागावतील. मग उठले, आत गेले, न्हाणीत पाय धुतल्याचा आवाज आला, आणि बाहेर आले तेव्हा हातात कुंकवाचा करंडा होता. बूट घातले नाहीत. क्वार्टरमधले लोक बघत असताना माझे वडील, पट्टीदार विजार आणि इस्त्रीचा सदरा, डांबरी रस्त्यावरून अनवाणी चालत गेले.

बैठकीत बायका बाजूला झाल्या. अण्णा आईसमोर गुडघ्यांवर बसले. तिच्या कपाळाला कुंकू लावलं. मग त्यांनी आपलं डोकं तिच्या पायांवर ठेवलं. रोज सकाळी जी त्यांच्यासमोर पाण्याचा तांब्या ठेवून मागे सरायची, तिच्या पायांवर. ते बोलायला लागले तेव्हा मला कळलं की शब्द त्यांना पाठ आहेत. गावी देवीला विचारायचा मान त्यांच्या वडिलांचा होता, आणि लहानपणी समई धरून शेजारी उभे राहायचे ते अण्णाच, हे मला आत्यानं पुष्कळ नंतर सांगितलं.

"आई, तू कोण? कुठली? लेकरांकडं कशासाठी येणं केलंस?"

"मी यमाई. मला वळखत न्हाईस व्हय रं सदाशिवा?"

"ओळखतो, आई."

"मंग दार का लावलंस?"

अण्णांनी हात जोडले.

"काय चुकलं असेल ते पदरात घे," ते म्हणाले. "काय पाहिजे ते माग."

"नाव घे."

"कुणाचं?"

"तुला ठावं हाय."

बीजी माझा दंड धरून होत्या. "की कैंदी है?" काय म्हणते ही? मी सांगितलं, नाव घ्यायला सांगते आहे. कुणाचं ते त्यांनी विचारलं नाही. त्यांना कळलं.

अण्णांचे हात जोडलेलेच होते. "दुसरं माग, आई. साडीचोळी माग. गावाला येऊन दंडवत घालतो. कोंबडं माग."

"कोंबडं नगं."

"की कैंदी है?"

"मुर्गा नहीं चाहिए, कहती हैं."

"मुर्गा!" बीजींनी कानाला हात लावला. "राम राम, माता दी चौकी ते मुर्गा!" मागे कुणीतरी बाई हसली आणि लगेच गप्प झाली.

"दुसरं कायबी नगं मला," आई म्हणाली. घुमणं थांबलं होतं. ती ताठ बसली होती आणि त्यांच्याकडे सरळ बघत होती. तसं तिला त्यांच्याकडे बघताना मी आधी पाहिलं नव्हतं. "नाव घे. मी जाते. न्हाईतर हिला घिऊन जाते."

जोतीचा चटचट आवाज येत होता. कुठेतरी बाहेर रेडिओ. अण्णांच्या मानेमागे घामानं सदरा भिजत गेलेला मला दिसत होता, आणि मी त्या डागाकडेच बघत होते.

"वसंत," अण्णा म्हणाले.

देवी हलली नाही.

"वसंत सदाशिव," ते म्हणाले. आमच्याकडे मुलाच्या नावामागे बापाचं नाव लागतं. तुमच्या पासपोर्टांवर ते नाही, म्हणून सांगते. पूर्ण नाव घ्यायचं तर बापाला स्वतःचंही घ्यावं लागतं. ते आडनावापर्यंत पोचले नाहीत. जोडलेले हात सुटले, आणि त्यांचा जो आवाज आला तो मी पुन्हा कधी ऐकला नाही आणि इथे लिहिता येणार नाही. आई पुढे कोसळली ती त्यांच्याच खांद्यावर, आणि ती रडत होती. साध्या माणसासारखी, नाक गळत, उचकी लागत. बीजींनी दोघांवर मिळून एकच चुनरी टाकली आणि बायकांना बाहेर काढलं. "चलो, चलो. कोई तमाशा है?"

इरा, मला ठाऊक आहे तू काय विचारशील. ती नाटक करत होती का? मला माहीत नाही. मी तिला कधी विचारलं नाही, आणि ती होती तोवर तिनं त्या दुपारचा शब्द काढला नाही. ती यमाई होती की माझी आई होती, या प्रश्नाला तुझ्या पुस्तकात उत्तर असलं तर मला कळव. पण मला वाटतं, अण्णांच्या समोर ज्या बाईचं डोकं वर होतं, तिला त्यांना हे मागता आलं आणि माझ्या आईला एरवी आलं नसतं, एवढंच खरं आहे. मी स्वतः त्या दिवशी रडले नाही. मला कंजक म्हणून वाढलेली पुरी पानात तशीच होती, ती मी खाल्ली. गार होती. माझा पाय जागा व्हायला पुढे बरीच वर्षं लागली, आणि ती वेगळी गोष्ट आहे.

घरी परतताना आई अण्णांच्या चार पावलं मागून चालत होती, पदर डोक्यावर. दारात ती म्हणाली, "अहो, पाय धुवा, काटेबिटे भरले असतील." त्या रात्री सगळे लवकर झोपलो.

नंतरच्या रविवारी तिनं कढी केली, बीजींनी शिकवलेली, भजी घातलेली. आम्ही तिघं जेवायला बसलो. अण्णांनी भाताला हात लावला, थांबले, आणि कढीच्या पातेल्याकडे बघत जरा जास्तच मोठ्यानं म्हणाले, "वसंताला कढी फार आवडायची."

आईनं डाव वर उचलला. ती लगेच बोलली, आतल्या खोलीतून चालत यावं लागलं नाही तिला.

"कढी कुठली? भजी आवडायची. भजी खायचा आणि कढी तुमच्या वाटीत ओतायचा."

"माझ्या वाटीत?"

"मग? तुम्ही पेपर वाचत असायचात."

अण्णांनी खाली आपल्या वाटीकडे पाहिलं.